परतीचा रस्ता विसरलेली मोहीम

शिवकाळाच्या इतिहासात आमच्या कारंज्याचं नाव ठळकपणे एकदाच येतं, आणि तेही लुटलं गेलेलं गाव म्हणून.

साल १६७०. ऑक्टोबरच्या सुरुवातीला शिवाजी महाराजांनी सुरत दुसऱ्यांदा लुटली. परतीच्या वाटेवर १७ ऑक्टोबरला वणी-दिंडोरीजवळ मोगल सरदार दाऊदखान कुरेशी आडवा आला. त्याला झुंजवून लूट सुखरूप गडांवर पोहोचवली गेली. आता मराठे काही दिवस स्वस्थ बसतील असं मोगलांना वाटलं असेल, तर ते फार टिकलं नाही. डिसेंबरात मराठ्यांच्या फौजा बागलाण, खानदेश ओलांडत पूर्वेकडे आल्या. बुऱ्हाणपूरच्या वेशीजवळचं बहादुरपुरा त्यांनी लुटलं आणि तिथून त्या वऱ्हाडात घुसल्या. वऱ्हाडातली तेव्हाची श्रीमंत पेठ म्हणजे कारंजा.

इथले व्यापारी बक्कळ पैसेवाले. लाड आणि जैन सावकारांच्या पेढ्या, कापडाचा मोठा व्यवहार. एका व्यापाऱ्याने उंटांवरून आलेली सगळी कस्तुरी विकत घेऊन हवेलीच्या बांधकामात घातली, अशी दंतकथा गावात अजून सांगतात. खरी-खोटी कशीही असो, गावाची ख्याती काय होती ते तिच्यावरून कळतं. जदुनाथ सरकारांनी जुन्या नोंदींवरून लिहिलंय की, कारंज्याहून निघताना मराठ्यांनी चार हजार बैल आणि गाढवांवर सोनं, चांदी आणि तलम कापड लादलं. लुटीची किंमत एक कोटी रुपये. गावातल्या बड्या असामी खंडणीसाठी सोबत नेल्या. सगळ्यांत मोठा सावकार तेवढा सुटला, कारण तो बाईच्या वेशात पळाला आणि मराठ्यांची फौज बायांना हात लावत नसे.

कारंज्याचा माणूस म्हणून ही गोष्ट सांगताना थोडी अडचण होते. महाराज आपले, आणि लुटलं गेलेलं गावही आपलंच. आता हे खरं की, १५९६ पासून वऱ्हाड मोगलांच्या ताब्यात होतं आणि कारंज्याचा वसूल मोगलांच्या खजिन्यात जात होता. शत्रूच्या मुलुखातली पेठ म्हणून कारंजा लुटलं गेलं. पण त्या चार हजार बैल-गाढवांना कुणी ना कुणी मालक होते, आणि ते आमच्याच गावचे, आसपासच्या खेड्यांतले असणार. अभिमान आणि ही टोचणी, दोन्ही एकदम मनात ठेवता यायला हवं असं मला वाटतं.

पण आज मला या स्वारीतली वेगळी गोष्ट सांगायची आहे. ती म्हणजे तिचा आकार.

मराठे आले, ठरवलेलं काम केलं आणि परतले. जाताना वाटेतल्या गावांकडून, यापुढे वसुलाचा चौथा हिस्सा म्हणजे चौथाई देऊ, असं लिहून घेतलं. मोगली फौज हालेपर्यंत ते निघूनही गेले होते. कारंजा जिंकून तिथे ठाणं बसवायचा मोह त्यांना झाला नाही. सुरतेपासून कारंजा सरळ रेषेत मोजलं तरी पावणेपाचशे किलोमीटरांहून लांब. एवढ्या लांबवर मुक्काम केला असता, तर ती फौज तिथेच अडकली असती. किती पुढे जायचं आणि कुठून मागे फिरायचं, याचा हिशोब आधी झाला होता.

याच्या अगदी उलट गोष्ट अकरा वर्षांनी याच दख्खनमध्ये सुरू झाली. तिच्याकडे माणसं होती, पैसा होता, तोफा होत्या. नव्हता तो फक्त परतीचा हिशोब.

बादशहा येतो

जानेवारी १६८१ मध्ये औरंगजेबाचा मुलगा शहजादा अकबर याने राजपुतान्यात बापाविरुद्ध बंड केलं. बंड फसलं आणि अकबर पळत संभाजी महाराजांच्या आश्रयाला आला. बंडखोर मुलगा आणि मराठ्यांचा छत्रपती एकत्र आले, म्हणजे धोका साधा नव्हता. सप्टेंबरात बादशहाने अजमेर सोडलं, नोव्हेंबरात तो बुऱ्हाणपूरला पोहोचला आणि मार्च १६८२ मध्ये औरंगाबादला. तेव्हा त्याचं वय त्रेसष्ट होतं. त्यानंतर त्याला दिल्ली पुन्हा कधीच दिसली नाही.

सुरुवातीलाच दोन इशारे मिळाले होते.

पहिला नाशिकजवळ रामसेजला. आजूबाजूच्या डोंगरांच्या मानाने हा किल्ला तसा छोटाच. मोगल सरदार बदलले, लाकडाचे दमदमे उभारून पाहिले, तरी रामसेज झटक्यात हाती येईना. काही दिवसांचं वाटलेलं काम वर्षांवर गेलं.

दुसरा इशारा कोकणात मिळाला. १६८३ च्या अखेरीस शहजादा शाह आलम मोठी फौज घेऊन रामघाटाने खाली उतरला आणि जानेवारी १६८४ मध्ये गोव्याजवळ डिचोलीला पोहोचला. संभाजी महाराजांना समुद्राच्या बाजूने कोंडण्याचा बेत होता. पण पोर्तुगीजांशी त्याचं बिनसलं आणि धान्य पोहोचेना. मराठ्यांनी मागचे रस्ते तोडले. उपाशी फौज रामघाटाने परत चढताना साथीचा रोग पसरला, माणसं आणि जनावरं हजारोंनी मेली. उरलेले लोक मे महिन्यात अहमदनगरला पोहोचले तेव्हा कित्येकांकडे घोडाही उरला नव्हता. या मोहिमेत मोठी म्हणावी अशी लढाई झालीच नाही. भूक, घाट आणि रोगराई यांनीच तिचा निकाल लावला.

जिंकत जिंकत अडकणं

इथून पुढची वर्षं मात्र बादशहाच्या विजयांची आहेत, आणि मला ती सगळ्यांत महत्त्वाची वाटतात. मोहीम थकते म्हणजे हरते, असा आपला समज असतो. औरंगजेबाची मोहीम जिंकता जिंकता थकली.

सप्टेंबर १६८६ मध्ये विजापूर पडलं. बरोबर एका वर्षाने गोवळकोंडा पडला, तोही आतल्या माणसाने दार उघडल्यावर. दोन जुन्या सल्तनती नकाशावरून पुसल्या गेल्या. मधल्या काळात, १६८७ च्या सुरुवातीला, शहजादा अकबर जहाजाने इराणला निघून गेला होता. म्हणजे ज्याच्यासाठी बादशहा दक्षिणेत उतरला, तो माणूसच राहिला नव्हता. परत फिरायची ही पहिली संधी होती. १ फेब्रुवारी १६८९ ला संगमेश्वरी संभाजी महाराज पकडले गेले आणि ११ मार्चला त्यांची क्रूर हत्या झाली. त्याच वर्षी रायगड पडला. येसूबाई आणि सात वर्षांचे शाहू मोगलांच्या कैदेत गेले.

१६८९ च्या अखेरीस कुणीही म्हटलं असतं की, संपलं. राजा मारला गेला, राजधानी गेली, वारस कैदेत आहे. मोबाईलवरच्या गेममध्ये इथे पडद्यावर ‘विजय’ अशी पाटी आली असती.

पण नेमकी इथेच मोहिमेची चाल मोडली. संभाजी महाराज असताना मोगलांपुढे एक राजा होता, एक राजधानी होती. हरवायला कुणीतरी होतं आणि तह करायलाही कुणीतरी होतं. आता राजाराम महाराज पन्हाळ्याहून निसटून पार तमिळ मुलुखातल्या जिंजीला पोहोचले. इकडे रामचंद्रपंत अमात्य आणि शंकराजी नारायण कारभार बघू लागले. संताजी घोरपडे आणि धनाजी जाधव वाऱ्यासारखे फिरू लागले. प्रत्येक खोऱ्यात, प्रत्येक घाटात एक सरदार आपापल्या हिमतीवर लढू लागला. त्याला वतनाची आशा होती आणि गमावण्यासारखं फार काही नव्हतं. १६९१ मध्ये राजारामांनी जिंजीहून हणमंतराव घोरपड्यांना जी सनद दिली, तिच्यात रायगड, विजापूर, भागानगर, औरंगाबाद असे टप्पे घालून शेवटी दिल्ली जिंकल्यावर काय मिळेल, तेही लिहिलंय. वेढ्यात बसलेला राजा दिल्लीचं बक्षीस वाटत होता! तेव्हा ते वेडेपणाचं वाटलं असेल. पण बादशहाला शरण यायला आता कुणी एक माणूसच उरला नव्हता, हे त्यातून दिसतं.

जिंजीचा वेढा १६९० च्या सप्टेंबरात पडला आणि किल्ला पडला १६९८ च्या सुरुवातीला. राजाराम त्याआधीच निसटले होते. जवळजवळ साडेसात वर्षं एका किल्ल्यापायी गेली. या वेढ्यात काय काय झालं? संताजींनी अलीमर्दानखानाला पकडून खंडणी घेऊन सोडलं. बादशहाचा मुलगा कामबक्ष मराठ्यांशी गुप्तपणे बोलतोय, म्हणून त्याच्याच सेनापतींनी त्याला कैद केलं. वेढा घालणारेच कधी कधी वेढल्यासारखे व्हायचे, धान्यासाठी तडफडायचे. १६९५ मध्ये दोड्डेरीला कासिमखान संताजींच्या कोंडीत सापडला आणि तिथेच संपला. पुढच्या जानेवारीत हिम्मतखान मारला गेला.

सेनापती झुल्फिकारखान जिंजीचं काम मुद्दाम लांबवतोय, असा संशय तेव्हाच घेतला जायचा. त्यात अर्थ होता. लढाई संपली की सेनापतीची गरज संपते. लढाई चालू आहे तोवर फौज हाताखाली, पैसा हातात आणि महत्त्व शाबूत. लांबलेल्या मोहिमेत असे लोक तयार होतात, ज्यांची रोजीरोटी ती न संपण्यावर असते.

चालतं शहर

१६९५ मध्ये इटलीचा प्रवासी जेमेल्ली कारेरी गलगल्याला बादशहाच्या छावणीत गेला होता. त्याने दिलेले आकडे वाचून मी चकित झालो. साठ हजार घोडेस्वार, एक लाख पायदळ, पन्नास हजार उंट, तीन हजार हत्ती. बाजारकरी, नोकर-चाकर, बायका-मुलं धरून पाच लाखांची वस्ती, आणि छावणीचा घेर तीस मैल. आमच्या वाशीम जिल्ह्यातल्या सगळ्या शहरांची माणसं एकत्र केली, तरी एवढी गर्दी होणार नाही.

हे शहर चालायचं. त्याला रोज धान्य लागायचं, रोज चारा लागायचा. ज्या मुलखात ते थांबे, तिथलं पीक, गवत, झाडं संपून जायची. धान्य बंजाऱ्यांचे तांडे बैलांवर आणायचे आणि मराठे नेमके तेच तांडे गाठायचे. मोगलांच्या तोफांशी समोरासमोर भिडायची गरजच नव्हती. पोट मागे असतं, ते दुखावलं की पुरे.

दुसरी उपासमार कागदावरची होती. मोगल सरदाराला पगार जहागिरीतून मिळायचा, म्हणजे अमुक परगण्याचा वसूल अमुक सरदाराचा. विजापूर आणि गोवळकोंड्याचे सरदार आपल्यात ओढायला बादशहाने त्यांना मनसबी दिल्या, फुटून आलेल्या मराठ्यांनाही दिल्या. मनसबदार वाढत गेले आणि वसूल देणारी जमीन मात्र युद्धाने ओस पडत गेली. एक अनार सौ बीमार, तशी गत. सरदाराच्या हाती सनद असायची, पण त्या गावात वसूल आधीच मराठ्यांचा कमाविसदार घेऊन गेलेला असायचा. मग तो सरदार ठरलेले घोडे ठेवीना. घोडे कमी झाल्यावर लढाई टाळू लागला, आणि पुढे गुपचूप मराठ्यांना पैसे देऊन आपली जहागीर वाचवू लागला. जिंकलेल्या प्रदेशातून खर्च भागत नाही, म्हणून आणखी प्रदेश जिंकायचा, हे चक्र आतून असं पोकळ होत गेलं.

क्लाउझेविट्झ नावाचा प्रशियाचा एक लष्करी विचारवंत होऊन गेला. १८१२ मध्ये नेपोलियन रशियात घुसला, तेव्हा हा रशियाच्या बाजूने तिथे होता. नेपोलियनने सप्टेंबरात मॉस्को घेतलं, तहाचा निरोप येईल म्हणून पाच आठवडे वाट बघितली आणि परतताना त्याची फौज थंडी-भुकेने संपली. क्लाउझेविट्झ सांगतो की, प्रत्येक चढाईला एक कळस असतो. तिथपर्यंत प्रत्येक विजयाने बळ वाढतं, त्यानंतर प्रत्येक विजय बळ खातो. अवघड एवढंच असतं की, तो कळस ओलांडताना काहीच वेगळं जाणवत नाही. उलट विजयाचे नगारे चालूच असतात. नेपोलियनला मॉस्को मिळालं, औरंगजेबाला रायगड मिळाला. दोघंही निरोपाची वाट बघत बसले.

किल्ले विकत घेणारा बादशहा

१६९५ ते १६९९ बादशहाचा तळ भीमेकाठी ब्रह्मपुरीला होता. मंगळवेढ्याजवळ माचणूरचा किल्ला आजही उभा आहे. ऑक्टोबर १६९९ मध्ये ऐंशी वर्षांचा बादशहा स्वतः किल्ले घ्यायला निघाला. वसंतगड, सातारा, परळी, पन्हाळा, विशाळगड, सिंहगड, राजगड, तोरणा. यादी भारदस्त आहे. मात्र प्रत्येक नावामागची किंमत बघायला हवी.

साताऱ्याला १३ एप्रिल १७०० रोजी मोगलांनी सुरुंग उडवला, तो त्यांच्याच अंगावर आला आणि त्यांची सुमारे दोन हजार माणसं दगड-मातीखाली गेली. आठवडाभराने किल्ला मिळाला, तो बोलणी करून. त्याच वर्षी १ ऑक्टोबरच्या रात्री माण नदीच्या पुरात खवासपूरची छावणी बुडाली. अंधारात पळताना बादशहाचा गुडघा निखळला आणि तो कायमचा लंगडा झाला. दरबाऱ्यांनी त्याची समजूत घातली की, हा तर तुमच्या पूर्वजाचा, तैमूरलंगाचा वारसा. विशाळगड सहा महिन्यांच्या वेढ्यानंतर जून १७०२ मध्ये परशुराम त्रिंबकांना दोन लाख रुपये देऊन मिळाला. मग भर पावसात परतताना तीस मैलांना अडतीस दिवस लागले. चिखलात हत्ती रुतले, ओढ्यांत तंबू वाहून गेले. या सगळ्या किल्ल्यांत एक तोरणा तेवढा लढून, पैसे न चारता घेतला गेला.

याच काळात राजाराम महाराज वारले होते (मार्च १७००) आणि कारभार ताराबाईंनी हाती घेतला होता. मराठ्यांनी किल्ला शेवटपर्यंत धरायचा हट्ट सोडला. पावसाळ्यापर्यंत लढवायचा, मग चांगली किंमत घेऊन सोडायचा, आणि बादशहा पुढे सरकला की परत घ्यायचा. सिंहगडासारखे किल्ले याच पद्धतीने फिरून हाती आले. बादशहा दगड विकत घेत होता आणि मुलूख गमावत होता.

आमच्या वऱ्हाडाला हे डिसेंबर १७०३ मध्ये दिसलं. बादशहा राजगडाच्या वेढ्यात अडकलेला असताना नेमाजी शिंद्यांनी वऱ्हाडचा नायब सुभेदार रुस्तुमखान याला हरवून कैद केलं आणि ते तसेच नर्मदा ओलांडून माळव्यात शिरले. १६७० मध्ये मराठे वऱ्हाडात येऊन परतले होते. तेहतीस वर्षांनी वऱ्हाड त्यांचा वाटेतला मुक्काम झाला होता. मराठ्यांना संपवायला आलेल्या मोहिमेनेच त्यांना उत्तरेचा दरवाजा दाखवला.

२० फेब्रुवारी १७०७ ला, नव्या पंचांगाप्रमाणे ३ मार्चला, औरंगजेब अहमदनगरला गेला. वय अठ्ठ्याऐंशी. पंचवीस वर्षं, आणि त्यातला एकही मोठा पराभव असा नाही की ज्याच्याकडे बोट दाखवून ‘इथे हरला’ म्हणता येईल.

हिशोब चुकवला तो शेतकऱ्याने. व्हेनिसचा मनुची लिहितो की, बादशहा परतला तेव्हा मागे झाडं नव्हती, पिकं नव्हती, होती ती माणसांची आणि जनावरांची हाडं. १७०२ ते १७०४ या वर्षांत दुष्काळ आणि रोगराईने दख्खनमध्ये वीस लाखांवर माणसं मेली, असा त्याचा अंदाज. त्यात मराठी बोलणारे किती आणि मोगली फौजेतले किती, हे मृत्यूने पाहिलं नसेल.

हे वाचून ‘आपण जिंकलो’ म्हणत मोबाईल बाजूला ठेवावासा वाटेल. पण इतिहास तेवढ्यावर थांबत नाही. मार्च १७६० मध्ये सदाशिवरावभाऊ परतूरहून उत्तरेला निघाले. ऑगस्टात दिल्ली घेतली, ऑक्टोबरात कुंजपुरा जिंकलं. एकामागून एक विजय. सोबत यात्रेकरू, बायका-मुलं आणि बाजारबुणग्यांचं एक चालतं शहर. त्याच महिन्यात अब्दालीने बागपतला यमुना ओलांडली आणि तो भाऊंच्या आणि दिल्लीच्या मधे येऊन बसला. परतीचा रस्ता बंद झाला, धान्य तुटलं आणि १४ जानेवारी १७६१ ला उपाशी फौज लढायला बाहेर पडली. ज्यांच्या आजोबांनी बादशहाची रसद तोडून त्याला थकवलं, त्यांचीच रसद पानिपतावर तुटली.

म्हणून कारंज्याची लूट मला नुसती लूट म्हणून वाचता येत नाही. गावाच्या वाट्याला आलेलं दुःख मी त्यातून वजा करत नाही. पण ती फौज चार हजार जनावरं लादून वेळेत वळली, आणि तिच्या सगळ्या निर्णयांत तो वळण्याचा निर्णय सर्वांत कठीण होता, हे मला बादशहाची पंचवीस वर्षं वाचल्यावर कळलं. समोर आणखी पेठा होत्या, हातात घोडे होते, अडवणारं जवळपास कुणी नव्हतं. अशा वेळी लगाम ओढायला लागणारी हिंमत पोवाड्यात सहसा येत नाही.